काळाची वाट नायिकेच्या सोयीने उघडू नये

तुमचा प्रश्न दोनदा वाचला. मला समजला तो असा: तुमच्या कादंबरीत एका पडक्या घराच्या दगडी कमानीत अधूनमधून निळसर धुकं उतरतं. धुकं असताना कमान ओलांडली की माणूस त्याच घरात पोचतो, पण सत्तर वर्षांपूर्वी. त्या काळी घराला लागलेल्या आगीत आजीची धाकटी बहीण गेली. तिला वाचवायला तुमची नायिका चार वेळा पलीकडे जाते. मसुदा तुम्ही तिघांना वाचायला दिलात आणि तिघंही म्हणाले, "पटत नाही." मग तुम्ही नवव्या प्रकरणात एक प्राध्यापक आणलात आणि त्यांच्या तोंडून चुंबकीय क्षेत्र, क्वांटम वगैरे सांगून धुक्याचा उलगडा केलात. तरीही पटेना. आता तुम्ही विचारताय की खुलासा आणखी शास्त्रीय करू, की सगळाच काढून टाकून गूढ ठेवू?

मी गूढ आणि अद्भुत कथा बरीच वर्षं लिहिते आहे, आणि त्याहून जास्त इतरांच्या मसुद्यांवर संपादनाचं काम केलं आहे. "पटत नाही" हा शेरा मी शेकडो वेळा ऐकला आहे. तो खरा असतो, पण दुखतंय कुठे हे वाचकाला नेमकं दाखवता येत नाही. लेखक मग हाताशी असलेलं औषध देतो, म्हणजे खुलासा वाढवतो. तुमच्याबाबतीत तेच झालंय असं मला वाटतं.

तुम्ही प्रश्नात चारही वेळा लिहिल्या आहेत, त्या एकाखाली एक मांडून बघा. पहिल्यांदा धुकं येतं ते नायिका घरात एकटी असताना. दुसऱ्यांदा, आजीची जुनी चिठ्ठी सापडते त्याच संध्याकाळी. तिसऱ्यांदा, आगीची तारीख कळते त्याच रात्री. चौथ्यांदा, घर पाडायला माणसं दारात आलेली असताना. चारही वेळा कमान तिला हवी तेव्हा उघडली. वाचकांना धुकं खटकलेलं नाही, त्याच्या वेळा खटकल्यात. अशक्य गोष्ट वाचक पहिल्या पानावर विनातक्रार मान्य करतो, त्यासाठीच त्याने पुस्तक हातात घेतलेलं असतं. पण प्रत्येक अडचणीच्या वेळी मदतीला धावून येणारी गोष्ट त्याला लेखकाचा हात वाटते, आणि एकदा तो हात दिसला की आगीतल्या मुलीची काळजी वाटेनाशी होते.

पुढे जाण्याआधी एक सांगते. मी जे म्हणणार आहे ते सगळीकडे लागू नाही. आठ-दहा पानांच्या भयकथेत वाट एकदाच उघडते आणि माणूस गिळून मिटते. तिथे नियम सांगितला की भीतीच जाते. लोककथेच्या बाजाने लिहीत असाल तर "एकदा असं झालं" एवढं पुरतं. तुमची गोष्ट वेगळी आहे. तीनशे पानं आहेत, वाट चार वेळा उघडते, आणि मुख्य म्हणजे नायिका तिच्या भरवशावर बेत आखते. बेत आखायचा तर वाटेबद्दल काहीतरी ठाऊक असावं लागतं. तिला ठाऊक नसेल तर तो बेत नव्हे, नशीब. मसुदा मी वाचलेला नाही, तुम्ही लिहिलंय तेवढ्यावरूनच बोलते आहे, हेही ध्यानात ठेवा.

"खुलासा" म्हणताना आपण दोन गोष्टींची गल्लत करतो. एक कारण, दुसरी वागणूक. समुद्रकाठची माणसं भरती-ओहोटीच्या भरवशावर होड्या लोटत आली. दोन भरत्यांमध्ये साधारण १२ तास २५ मिनिटं, म्हणून भरती रोज पन्नासेक मिनिटं उशिरा येते. अमावास्या-पौर्णिमेला उधाण, म्हणजे मोठी भरती, अष्टमीच्या आसपास भांग, म्हणजे लहान भरती. हे त्यांना तोंडपाठ असायचं. चंद्र-सूर्याच्या गुरुत्वाकर्षणाने हे घडतं, हे न्यूटनने मांडलं १६८७ मध्ये. त्याआधीच्या कित्येक पिढ्यांचं कारणावाचून अडलं नाही. वागणूक माहीत नसती तर मात्र त्यांची होडी पहिल्याच दिवशी चिखलात रुतली असती.

ग्रहणांचंही तसंच. प्राचीन बॅबिलोनमधल्या निरीक्षकांना ग्रहणं १८ वर्षांनी परततात हे नोंदी ठेवूनच कळलं होतं. आज आपण त्याला सॅरोस चक्र म्हणतो: १८ वर्षं, ११ दिवस आणि वर साधारण ८ तास. हे ८ तास मला फार आवडतात. तेवढ्या वेळात पृथ्वी आणखी एक तृतीयांश फिरते, म्हणून तसंच सूर्यग्रहण पुन्हा येतं तेव्हा ते सुमारे १२० अंश पश्चिमेला सरकलेलं असतं. मूळ रेखांशाच्या आसपास ते परत यायला तीन चक्रं, म्हणजे ५४ वर्षं आणि वर महिनाभर जावा लागतो. अशी चाल असलेली एखादी अद्भुत वाट डोळ्यांपुढे आणा. तरुणपणी तिच्यातून पलीकडे गेलेल्या माणसाची वाट बघणाऱ्याला म्हातारपणापर्यंत थांबावं लागेल, किंवा मधल्या दोन वेळा पृथ्वीच्या दुसऱ्या भागात जाऊन ती शोधावी लागेल. कारण एका ओळीतही सांगितलेलं नाही, तरी गोष्ट तयार होते.

तुमच्या धुक्याला अशी वागणूक द्या. कारण दिलं नाहीत तरी चालेल, मी तर म्हणेन देऊच नका. आणि ती वागणूक नायिकेला ओळखत नसलेली असू द्या. भरतीला होडी कोणाची हे ठाऊक नसतं.

हे कसं करायचं? मी करते ते सांगते. मसुद्याला हात लावण्याआधी एक वही घ्यायची आणि त्यात वाट उघडण्याची शंभर वर्षांची नोंद लिहायची. तारीख, वेळ, किती मिनिटं, पलीकडे कोणता दिवस, आणि शेवटच्या रकान्यात तेव्हा तिथे कोण होतं. या शेवटच्या रकान्यात बहुतेक ठिकाणी "कोणी नाही" असं आलं पाहिजे. कंटाळवाणं काम आहे, दोन-तीन दिवस जातात. माझ्या एका कादंबरीत जिन्याला काही ठरावीक रात्री एक पायरी जास्त असायची. त्या पायरीच्या मी साठ नोंदी केल्या होत्या, पुस्तकात पाच आल्या. उरलेल्या पंचावन्न वाया गेल्या असं मला कधीच वाटलं नाही.

कारण "कोणी नाही" च्या नोंदींमधून गोष्टीला न सुचलेलं काहीतरी मिळतं. वाट मध्यरात्री उघडली, इकडे घर रिकामं, पलीकडे मुसळधार पाऊस. वीस मिनिटं तो पाऊस कमानीतून आत येत राहिला आणि मग वाट मिटली. सकाळी इकडे ऐन उन्हाळ्यात, कोरड्या खडखडीत दिवशी, कमानीखालच्या फरशीवर अर्ध्या चंद्राच्या आकाराची ओल. तिच्या कडेला चिखलात मांजराची पावलं, कमानीकडून घराकडे येणारी. परत जाणारी एकही नाही. ही ओल तुमच्या पहिल्या प्रकरणात, नायिकेला काहीच माहीत नसताना, दिसली पाहिजे. तिने ती पुसून टाकावी आणि गळक्या छपराला दोष द्यावा. शंभर पानांनंतर वाचकाला ती आठवेल, आणि तेव्हा त्याला पटेल की हे धुकं तिच्या आधीपासून येत होतं, ती नसतानाही येत होतं. प्राध्यापकांच्या चार पानांनी जे झालं नाही ते या ओलीने होईल.

आता तुमच्या मसुद्यातली मला दिसलेली खरी चूक. पहिल्या खेपेला नायिका जाते तेव्हा पलीकडे घराला रंग लागतोय. पुढच्या पौर्णिमेला ती दुसऱ्यांदा जाते, तेव्हा पलीकडेही महिना गेलाय आणि रंग वाळलाय. मग तिसऱ्या आणि चौथ्या खेपेला मात्र ती दोन्ही वेळा आगीच्याच रात्री पोचते. इथे दोन वेगळ्या वाटा एकमेकींत मिसळल्यात. एका वाटेत अंतर कायम असतं: इकडे एक दिवस गेला की पलीकडेही एक दिवस जातो, दोन काळ रुळांसारखे समांतर धावतात. दुसरीत तारीख कायम असते: कधीही जा, तीच रात्र. वाचकाला हे असं सांगता येणार नाही, पण गाडीने रूळ बदलल्याचा धक्का त्याला बसतो.

या दोन्हींतून निघणाऱ्या गोष्टी पार निराळ्या आहेत. तारीख कायम असेल तर नायिकेला कितीही वेळा प्रयत्न करता येतो. पण दुसऱ्या खेपेला तिथे पहिल्या खेपेची ती स्वतः असायला हवी, तिसऱ्या खेपेला दोघी. तुमच्या चौथ्या खेपेत तिसऱ्या खेपेची नायिका कुठे आहे? जळत्या घरात ती दिसायलाच हवी. अंतर कायम असेल तर पुन्हा संधी नाही. आगीची रात्र एकदाच येणार, इकडच्या दिनदर्शिकेतही तिची तारीख आधीच ठरलेली. ती तारीख नायिकेला कळते त्या क्षणापासून दिवस मोजले जायला लागतात. माझं मत विचाराल तर कायम अंतर निवडा. तुमची गोष्ट एका मुलीला वाचवण्याची आहे आणि तिला एकच रात्र असावी. पुन्हा पुन्हा प्रयत्न करता येणारी आग भाजत नाही.

अंतर कायम ठेवलंत तर एक बारीक गोष्ट सुधारा. तुम्ही लिहिलंय की धुकं पौर्णिमेला येतं आणि कमानीच्या दोन्ही बाजूंना चांदणं असतं. सत्तर वर्षांच्या अंतराने हे जमत नाही. आज पौर्णिमा असेल तर बरोबर सत्तर वर्षांपूर्वीच्या त्याच तारखेला पौर्णिमा उलटून सहाएक दिवस झालेले असतात. चंद्र मध्यरात्रीच्या सुमारास उगवतो, संध्याकाळी पलीकडे मिट्ट काळोख असेल. तारीख आणि चंद्राची कला पुन्हा जुळतात त्या १९ वर्षांनी, कारण १९ सौर वर्षांत जवळजवळ नेमके २३५ चांद्रमास बसतात. वाढदिवसाची तारीख आणि तिथी एकोणिसाव्या वर्षी पुन्हा एकत्र येतात ते यामुळेच. तेव्हा अंतर ५७ करा किंवा ७६. आगीच्या वेळी आजी बारा वर्षांची होती असं तुम्ही लिहिलंय. ५७ केलंत तर आज ती एकोणसत्तर, ७६ केलंत तर अठ्ठ्याऐंशी. मला अठ्ठ्याऐंशी वर्षांची आजी जास्त खरी वाटते. तिच्यापाशी वेळ थोडा आहे, तोही कमानीसारखाच मोजलेला.

दर पौर्णिमा-अमावास्येला, म्हणजे साधारण पावणेपंधरा दिवसांनी वाट उघडते असं धरलंत तर उधाणाचाच ताल मिळेल. दर वेळी सारख्याच जोराने उघडायला हवी असंही नाही. उधाणाच्या भरत्याही सगळ्या सारख्या उंच नसतात. एखाद्या वेळी नुसतंच धुकं यावं आणि वाट नसावी.

उघडलेल्या वाटेतून काय-काय जातं, हेही ठरवा. तुमच्या मसुद्यात फक्त माणसं जातात. दोन ठिकाणांमध्ये भोक पडलं तर पहिल्यांदा हवा जाते. आवाज जातो, वास जातो, उजेड जातो. आपल्या नित्याच्या दारातच बघा: थंडीच्या दिवसांत एक खोली उबदार आणि शेजारची थंड असेल तर थंड हवा जमिनीलगत उबदार खोलीत शिरते, आणि उबदार हवा वरून थंड खोलीकडे सरते. उंबऱ्याशी मेणबत्ती धरली तर ज्योत उबदार बाजूला झुकते, वरच्या चौकटीशी धरली तर उलट दिशेला, आणि मध्ये एका उंचीवर ती सरळ उभी राहते. हे घरी करून बघा, मग नायिकेकडून करवून घ्या. इकडे उकाडा आहे. ती कमानीपाशी मेणबत्ती घेऊन उभी आहे, ज्योत पायांशी तिच्याकडे झुकते आणि डोक्यापाशी धुक्याकडे. पलीकडे पाऊल न टाकताच तिला कळलं की तिथे थंडी आहे, म्हणजे ऋतू वेगळा आहे, म्हणजे आज हिशोब चुकलाय. तोंडाने काहीही न सांगता तिने वाटेचा एक गुण ओळखला. असे दोन-तीन प्रयोग तिच्या हातून घडले तर ती हुशार वाटेल आणि वाट खरी वाटेल.

इथवर जे बोलले ते वाटेबद्दल: ठरलेला ताल, एकच प्रकार, आणि माणसांबरोबर हवा-पाणीही जाणं. आता त्याहून अवघड प्रश्न. पलीकडे जाऊन केलेल्या गोष्टीने इकडे काही बदलतं का?

यावर भौतिकशास्त्रज्ञांनीही डोकं लावलंय आणि त्यांच्या वादातून कथाकाराला घेण्यासारखं बरंच आहे. इगोर नोव्हिकोव यांचं म्हणणं असं की भूतकाळात गेलात तरी जे घडलं त्याच्याशी सुसंगत तेवढंच तुमच्या हातून घडेल. ह्यू एव्हरेट यांनी १९५७ मध्ये अनेक विश्वांची कल्पना मांडली, तिच्या आधाराने म्हणता येतं की बदल केलात तर वेगळी शाखा फुटते आणि मूळ जग तसंच राहतं. स्टीफन हॉकिंग यांनी १९९२ मध्ये अटकळ मांडली की निसर्गाचे नियम भूतकाळात जाणारी वाट तयारच होऊ देत नसावेत. २००९ मध्ये २८ जूनला त्यांनी काळप्रवाशांसाठी मेजवानी ठेवली, आणि निमंत्रणं मेजवानी झाल्यावर प्रसिद्ध केली. कोणी आलं नाही.

तुमच्यापुढे तीन रस्ते आहेत: बदल होत नाही, बदल होतो, किंवा दुसरी शाखा फुटते. शाखेचा रस्ता मी तुम्हाला सुचवणार नाही. त्यात मुलगी वाचते, पण ती दुसऱ्याच जगात. आपल्या जगातली आजी आपल्या बहिणीसाठी तशीच रडत राहते. बदल होतो असं धरलंत तर वाचकाला समाधान मिळेल, पण नायिका पलीकडे कशासाठी गेली याचं उत्तर नाहीसं होतं. बहीण वाचली असेल तर आगीत कोणी गेलंच नाही, मग ती कुणाला वाचवायला निघाली? उत्तर देता येतं, पण त्यात शेवटची चाळीस पानं खर्ची पडतात. घडलेलं बदलत नाही, हा सर्वांत अवघड आणि माझ्या मते तुमच्या गोष्टीला सर्वांत जवळचा रस्ता आहे. आजीला एवढंच ठाऊक आहे की बहीण आगीनंतर सापडली नाही. तुमच्या प्रश्नात शब्द असेच आहेत: "सापडली नाही." मृतदेह मिळाल्याचं तुम्ही कुठेच लिहिलेलं नाही. हे मुद्दाम केलंय की नकळत, मला माहीत नाही. पण सगळी कादंबरी त्या दोन शब्दांत मावते. मुलगी जळाली नाही, ती कमानीतून इकडे आली. भूतकाळ तसूभर बदलला नाही, तिकडे ती कायमची नाहीशीच झाली. आणि अठ्ठ्याऐंशी वर्षांच्या आजीसमोर तिची आठ वर्षांची धाकटी बहीण उभी राहते.

वस्तूंच्या चक्रापासून सांभाळा. तुमच्या दुसऱ्या खेपेतली चिठ्ठी आजीकडून नायिकेला मिळते, नायिका ती पलीकडे नेऊन लहानपणीच्या आजीला देते, आजी जपून ठेवते आणि पुन्हा नायिकेला देते. मग ती लिहिली कोणी? हा प्रश्न वाचक एकवेळ सोडून देईल. पण कागद दर फेरीला सत्तर वर्षं म्हातारा होतो. फेऱ्यांना अंत नसेल तर तो कधीच पिठासारखा भुगा व्हायला हवा होता. मजकूर पाठ करून पलीकडे सांगितला तर ही अडचण येत नाही, कारण शब्द झिजत नाहीत. नायिकेने चिठ्ठी इकडेच ठेवावी आणि पलीकडे आजीला ती तोंडी सांगून लिहून घ्यायला लावावी. कोवळ्या हाताचं ते अक्षर तिने आधी पाहिलेलंच आहे, फक्त तिच्याकडच्या कागदावर ते पिवळं पडलेलं होतं.

पलीकडच्या जगात काय दाखवायचं, याचीही थोडी उजळणी करा. जुनी भांडी, जुने कपडे, कंदील हे वाचक गृहीत धरतो. त्याने गृहीत न धरलेलं दाखवा. तिच्या खिशातल्या नाण्यावर वर्ष छापलेलं असतं. ते तिथे पडलं तर? त्याहून मोठी गोष्ट देवीच्या रोगाची. नैसर्गिकरीत्या झालेला देवीचा शेवटचा रुग्ण १९७७ मधला, आणि १९८० मध्ये रोग जगातून संपल्याचं जाहीर झालं. मग सर्वसामान्यांना लस देणंही थांबलं. तुमच्या तिशीतल्या नायिकेने ती लस कधीच घेतलेली नाही. जिथे ती जाते तो काळ देवी अजून हयात असण्याचा आहे. लागण झाल्यापासून लक्षणं दिसायला ७ ते १९ दिवस लागतात, आणि तुमची वाट पावणेपंधरा दिवसांनी उघडते. म्हणजे ती धडधाकट परत येईल आणि आठवड्या-दोन आठवड्यांत तापाने फणफणेल, अशा जगात जिथे हा रोग आता कुठेच उरलेला नाही. हे कादंबरीत वापराच असं मी म्हणत नाही, त्याने गोष्ट दुसरीकडे वळेल. पण तिने एकदा तरी याची भीती बाळगावी, परत आल्यावर स्वतःला खोलीत कोंडून घेऊन दिवस मोजावेत. जाण्याची काहीतरी किंमत असते हे त्यातून कळतं. पुढच्या पुस्तकात आणखी मागे जाणार असाल तर तारखांचंही बघा. १५८२ च्या ऑक्टोबरमध्येच नवी दिनदर्शिका स्वीकारणाऱ्या देशांत ४ ऑक्टोबरनंतर थेट १५ ऑक्टोबर उजाडला, ब्रिटनमध्ये १७५२ साली २ सप्टेंबरनंतर १४ सप्टेंबर. त्या मधल्या तारखांना कोणी पोचूच शकत नाही.

काळ लोटल्याचं कसं दाखवावं याचा मला माहीत असलेला सर्वांत सुंदर नमुना भागवतात आहे. गुहेत युगानुयुगं झोपलेला मुचुकुंद राजा बाहेर येतो. किती काळ गेला हे त्याला कोणी सांगत नाही. माणसं, पशू, वेली, झाडं सगळी खुजी झालेली दिसतात, त्यावरून तो ओळखतो की कलियुग आलं, आणि उत्तरेकडे चालू लागतो. ककुद्मी राजाची गोष्टही त्याच पुराणातली. मुलीसाठी वर विचारायला तो रेवतीला घेऊन ब्रह्मलोकी जातो, तिथे गायन चाललेलं असतं म्हणून थोडा थांबतो, तेवढ्यात खाली २७ चतुर्युगं उलटतात. मनात योजलेले सगळे वर, त्यांची मुलं, नातवंडं, त्यांचं नावही उरलेलं नसतं. दोन्ही ठिकाणी हे कसं घडलं याचं यंत्र सांगितलेलं नाही. परतलेल्या माणसाला काय दिसलं आणि काय उरलं नाही, तेवढंच आहे.

म्हणून नववं प्रकरण. प्राध्यापकांना काढा. त्यांचं बोलणं खोटं पडतं आणि ते तुमचंही नुकसान करतं. खरं भौतिकशास्त्र घ्यायचंच असेल तर ते वेगळं पुस्तक होईल. आइन्स्टाइन आणि रोझेन यांनी १९३५ मध्ये अवकाशातल्या पुलाचं गणित मांडलं. किप थॉर्न आणि सहकाऱ्यांनी १९८८ मध्ये दाखवलं की असा पूल माणसाने ओलांडण्याजोगा ठेवायला ऋण ऊर्जा, म्हणजे शून्याहूनही कमी ऊर्जा, लागेल, आणि त्याचं कालयंत्र बनवलं तरी ते बनण्याआधीच्या काळात त्यातून जाता येणार नाही. चुंबकीय क्षेत्राने यातलं काहीच होत नाही, आणि जाणकार वाचकाला ते लगेच कळतं. मात्र थॉर्न यांची ती एक मर्यादा उचलून धुक्याला द्या: कमानीचा शेवटचा दगड बसला त्याच्या आधीच्या काळात वाट जात नाही. त्याचं कारण कुणी विचारणार नाही. आणि कमान कोणी बांधली, तो दगड बसवताना गवंड्याला काय दिसलं, हे प्रकरण तुमच्या वहीतली पहिली नोंद असेल.

प्राध्यापकांच्या जागी, त्याच नवव्या प्रकरणात, एक नवा प्रसंग लिहा, आणि बाकी काही दुरुस्त करण्याआधी तोच लिहा. नायिकेने हिशोब केलाय, पौर्णिमा आहे, पिशवी भरली आहे, घोंगडी घेतली आहे, आजीला खोटं सांगून ती निघाली आहे. ती कमानीसमोर बसते. चंद्र वर येतो. धुकं येत नाही. ती मेणबत्ती उंबऱ्याशी धरते, मग वर धरते, ज्योत दोन्हीकडे सरळ. रात्रभर ती तिथेच बसून राहते आणि पहाटे तिला जाणवतं की आता एकच पौर्णिमा उरली आहे, आणि आग त्या पौर्णिमेच्या रात्रीची आहे.